शिल्लकचा खाऊ

दिनांक १४ नोव्हेंबर

प्रिय,

या शब्दापुढे काय लिहावे याचा विचार करत बसलो, तेवढ्यात दवाखान्याच्या बाकावरची दोन माणसे आत जाऊन बाहेरही आली. म्हणून तो शब्द तसाच ठेवतो आणि पुढे जातो.

मी, खाली सही करणारा, वाणिज्य शाखेचा पदवीधर, एका कारखान्यातील अंतर्गत लेखापरीक्षक, वयाने चौपन्न, नात्याने तुझा नवरा (कागदोपत्री अद्याप आहे, राहण्याने नाही), हे पत्र आपल्या कुत्रीच्या, शिल्लकच्या, प्रकृतीबद्दल आणि ती कशी बिघडली याबद्दल लिहीत आहे. महत्त्वाचे आधी सांगतो. ती जिवंत आहे. आतल्या खोलीत आहे, पुढच्या पायाला सलाइन लावले आहे. ती यातून उठेल का, या प्रश्नाला डॉक्टरीणबाई "बघू या" यापलीकडे उत्तर देत नाहीत.

आईंचा गुडघा कसा आहे? टाके निघाले का? वॉकर धरून त्या स्वयंपाकघरापर्यंत जातात असे तुझा भाऊ म्हणाला. त्यांना माझा नमस्कार सांग. सांगणे अवघड वाटत असेल तर राहू दे. मी बरा आहे. मोरीतला नळ दुरुस्त करून घेतला. तू गेलीस तेव्हा गळत होता तोच.

सकाळी फोनवर आपले बोलणे झाले, ते डॉक्टरीणबाईंना हवे होते तेवढ्यापुरतेच झाले. तू "कळवत राहा" म्हणालीस आणि फोन ठेवलास. आईंना एकटे टाकून तुला आज निघता येणार नाही हे मला समजते. तुझा भाऊ उद्या तिकडे येणार आहे, त्याच्या हाती हे पत्र देईन. फोनवर ज्या गोष्टी राहिल्या त्या क्रमाने लिहिण्याचा प्रयत्न करतो. क्रम बिघडला तर सांभाळून घे. दर थोड्या वेळाने मी उठून आतल्या दाराच्या काचेतून बघतो आहे.

आईंच्या ऑपरेशनसाठी निघताना तू तिला माझ्याकडे सोडलेस. दारातच उभी राहिलीस. पट्टा दिलास, वाडगा दिलास आणि तो निळ्या झाकणाचा डबा दिलास. म्हणालीस, "रोज सकाळी एक खाऊ. चुकवू नका. आणि मनाला आलं म्हणून एकदम बंद करू नका." मी म्हणालो, "म्हणजे लाड तुझे आणि शिस्त माझी." तो विनोद होता. तू हसली नाहीस, म्हणून आता खुलासा करतो.

मी एकही सकाळ चुकवली नाही. निळा डबा फ्रिजच्या दारात, चीजच्या त्या गोल गोल गोळ्यांतली एक तिच्या वाडग्यात, मग माझा चहा. या बाबतीत माझ्याकडे बोट दाखवायला जागा नाही.

माझ्या घराला जिना आहे हे तुला माहीत आहे. या खेपेला ती मधल्या वळणावर थांबू लागली. मागचे पाय आधी उचलायचे की पुढचे, असा विचार करत असल्यासारखी. मग मी तिला इथे, माझ्या रस्त्यावरच्या दवाखान्यात आणले. फोटो काढला. मागच्या दोन्ही खुब्यांचे सांधे झिजले आहेत. डॉक्टरीणबाईंनी सूज उतरवणारे एक औषध दिले आणि दुखण्यासाठी ट्रॅमाडॉल नावाची गोळी दिली. लिहिण्यापूर्वी त्यांनी मला विचारले, "आणखी कुठलं औषध चालू आहे का?"

"नाही," मी म्हणालो.

"गोचिडांचा पट्टा, अंगाला लावायचं काही, आयुर्वेदिक वगैरे? माणसाची एखादी गोळी?"

"काहीही नाही."

त्यांनी दोनदा विचारले आणि मी दोनदा ठाम उत्तर दिले. माझ्या नोकरीत मी लोकांना हेच सांगत आलो आहे की जे विचारले त्याचे उत्तर द्या, न विचारलेले मध्ये आणू नका.

पहिला दिवस बरा गेला. मग ती चालू लागली. जिन्यावर नव्हे, घरात. स्वयंपाकघरापासून पुढच्या दारापर्यंत आणि परत. फरशीवर नखांचा टकटक आवाज. बस म्हटले की बसे आणि माझा हात दूर झाला की उठे. जीभ बाहेर, धाप लागलेली, अंगात बारीक थरथर. दुखणे वाढले असे मी ठरवले आणि गोळी दिली. त्यानंतर ती भिंतीला अंग टेकून उभी राहिली, पाय काठीसारखे ताठ, डोळ्यांतली बुबुळे इतकी मोठी की डोळ्यांचा तपकिरी रंगच दिसेना. पोट बिघडले. कान हाताला भाजत होते. मी तिला चादरीत गुंडाळले आणि उचलून इथपर्यंत आणले. माझ्या कंबरेची काळजी करू नकोस. तुला ती वाटत असेल असे गृहीत धरणेही बरोबर नाही.

थांबतो. आतून कोणीतरी हाक मारली.

माझ्यासाठी नव्हती. शेजारी मांजर घेऊन बसलेल्या आजोबांसाठी होती. त्याआधी त्यांनी मला विचारले होते, "तुमची काय, दुखण्याची का भित्री?" मी म्हणालो, दोन्ही. ते म्हणाले, "मी सांगतो, एवढं दवाखाना-बिवाखाना करू नका. आमची म्याऊ लंगडली की मी माझ्याच डोकेदुखीच्या गोळीचा तुकडा देतो. एकदम गार!" डॉक्टरीणबाई दारातच उभ्या होत्या. त्या म्हणाल्या, "आजोबा, पुन्हा दिलीत तर ती गार पडेल ती कायमची. मांजराला ती गोळी म्हणजे विष आहे. चला आत, आधी मला सगळं खरं सांगा." आजोबा एकदम लहान झाले. एरवी मी हसलो असतो.

आता सकाळचा तो प्रसंग, ज्यामुळे तुला फोन करावा लागला.

नोंदणीच्या खिडकीवर मुलीने नाव विचारले. मी म्हणालो, "शिल्लक." ती म्हणाली, "हे काय नाव?" मी सांगितले, पाच पिल्ले होती, चार लोकांनी नेली, ही शिल्लक राहिली. ती म्हणाली, "बिचारी!" मी म्हणालो, बिचारी वगैरे काही नाही, आमच्याकडे तिचे उत्तम चालले होते. "आमच्याकडे" हा शब्द तोंडातून गेला. दुरुस्त करत बसलो नाही.

डॉक्टरीणबाईंनी तिचे डोळे पाहिले, ताप घेतला, पाय वाकवून पाहिला आणि माझ्याकडे वळल्या.

"हिला दुसरं काय दिलंत?"

"तुम्ही दिलेल्या दोन गोळ्या. त्याखेरीज काही नाही."

"नीट आठवा. हे असं नुसत्या ट्रॅमाडॉलनं सहसा होत नाही."

"मॅडम, आठवायचा प्रश्नच नाही. सकाळी एक खाऊ, मग फिरणं, मग जेवण, तुमचं औषध जेवणानंतर. संध्याकाळी तेच, खाऊ वगळून."

"खाऊ म्हणजे काय?"

"खाऊ म्हणजे खाऊ."

"अहो, पण त्यात असतं काय?"

"चीज."

"चीज तुम्ही करता?"

"नाही. खाऊ माझ्या... खाऊ तिच्या घरून येतो."

त्यांनी शिल्लकचा पाय अलगद खाली ठेवला. मग म्हणाल्या, "तिच्या घरी फोन लावा. आत्ता."

पुढचे तुला माहीत आहे, तरी लिहितो, कारण त्या वेळी तुझ्या आवाजापलीकडे मला काही ऐकू येत नव्हते आणि नंतर ते परत परत ऐकू येत राहिले. मी विचारले, "खाऊमध्ये काय असतं?" तू म्हणालीस, "अहो, खाऊ म्हणजे औषध! भीतीची गोळी असते त्यात, फ्लुओक्सेटीन. शेजारी ड्रिलिंग सुरू झाल्यापासून चालू आहे. मी सांगितलं नव्हतं का तुम्हाला, नवीन खाऊ सुरू केलाय म्हणून?" मी म्हणालो, मला वाटले बिस्किटाचा प्रकार बदललास. आणि तू म्हणालीस, "ते नाव तुम्हीच ठेवलंय ना!"

ते खरे आहे. ती तळहाताएवढी होती. जंताचे औषध म्हटले की वॉशिंग मशीनच्या मागे जाऊन बसायची, "गोळी" म्हटले तरी तेच. मीच फर्मान काढले होते की आजपासून हिच्यासमोर "औषध" हा शब्द बंद, सगळ्यांनी "खाऊ" म्हणायचे. सगळ्यांनी म्हणजे तू आणि मी. पुढे शब्द माझा राहिला आणि औषध देण्याचे काम तुझ्याकडे गेले. तू तो शब्द इमानाने वापरत राहिलीस. मी त्याचा अर्थ विसरलो.

तू सांगितलेले नाव मी मोठ्याने म्हटले तसे डॉक्टरीणबाईंनी हातातले सगळे टाकले आणि आत गेल्या.

आत्ताच काचेतून पाहून आलो. ती कुशीवर आहे. ओल्या फडक्यांनी तिचे पंजे पुसत आहेत. थरथर आहे, पण मघापेक्षा कमी असे मला वाटले. मला जे वाटते त्यावर आज फारसा भरवसा ठेवता येत नाही.

वर लिहिलेल्यात दोन दुरुस्त्या आहेत. त्या केल्याशिवाय सही करता येणार नाही.

पहिली. "गोळी दिली" असे मी वर लिहिले आहे. ते अपुरे आहे. मी गोळी वेळेआधी दिली. ती चालायची थांबेना, मला बघवेना आणि मी डॉक्टरीणबाईंना न विचारता पुढची गोळी आधीच दिली. जी अस्वस्थता मी औषधाने थांबवू पाहत होतो, ती त्या औषधानेच आणली होती. मी त्यात भर घातली. हे मी त्यांना सांगितले आहे. त्या रागावल्या नाहीत. "त्यानं किती बिघडलं ते नंतर बघू, आधी सांगितलंत हे बरं केलंत," म्हणाल्या. रागावल्या असत्या तर मला सोपे गेले असते.

दुसरी दुरुस्ती जड आहे. मधल्या एका सकाळी चीजची एक गोळी माझ्या बोटांत फुटली. आत पांढरे काहीतरी होते. चीजचा तो भाग नव्हता. मी ते पाहिले. बोटाला लागले ते जिभेला लावून पाहिले, कडू होते. मग ते परत चीजमध्ये दाबले, गोळी वळली, तिला दिली आणि चहा ठेवला.

मी तुला फोन केला नाही. फोन समोर होता.

का केला नाही हे तुला कळायला हवे. तू वेगळी राहू लागल्यानंतर मी तुला काही वेळा शिल्लकच्या निमित्ताने फोन केले. तिचा पट्टा कोणत्या दुकानातला. नखे कापायची कात्री कोणत्या खणात. ती उजव्या कुशीवर झोपते की डाव्या. शेवटच्या खेपेला तू म्हणालीस, "प्रत्येक वेळी शिल्लकला मध्ये घालू नका. काही बोलायचं असेल तर बोला, नाहीतर फोन करू नका." ते तू शांतपणे म्हणालीस आणि बरोबर होते. पट्टा माझ्या हातात होता. कात्री कोणत्या खणात आहे हे मला माहीत होते. ती कोणत्या कुशीवर झोपते हे तर मी पडल्या पडल्या बघतच होतो.

त्या दिवसापासून मी ठरवले की शिल्लकसाठी तुला फोन करायचा नाही. म्हणजे ज्या दिवशी खरोखरच शिल्लकसाठी विचारायचे होते, त्या दिवशी मला वाटले, तू म्हणशील, झाले, पुन्हा सुरू. तुझ्या वाक्याला दोन भाग होते. मी त्यातला दुसराच तेवढा पाळला.

१५ नोव्हेंबर, सकाळ

काल संध्याकाळी त्यांनी मला घरी पाठवले. घरात ती नव्हती, तरी स्वयंपाकघरातून पुढच्या दाराकडे जाताना मी बाजूला होऊन वाट देत होतो. आज दवाखाना उघडायच्या आधीच येऊन पायरीवर उभा राहिलो. नोंदणीची मुलगी म्हणाली, "काका, तुम्ही घरी गेलाच नव्हतात का?"

ताप उतरला आहे. बुबुळे लहान झाली आहेत, डोळ्यांचा रंग परत दिसतो. मी आत गेलो तेव्हा तिने मान उचलली नाही, पण शेपटीचे टोक चादरीवर आपटले. पाणी प्याली. माझ्या हातून नाही, वाडग्यातून. पण मी वाडगा धरला होता.

डॉक्टरीणबाईंनी मला समोर बसवून सगळे समजावले. तुझ्या हाती पूर्ण जावे म्हणून त्यांच्याच शब्दांत लिहितो.

"हे बघा, दुखण्याचं औषध आणि भीतीचं औषध एका कुत्र्याला द्यायचंच नाही असं नाही. पुष्कळांना देतो. पण ट्रॅमाडॉल आणि हे फ्लुओक्सेटीन, दोन्ही मेंदूतलं एकच रसायन वाढवतात. एकत्र आली की ते मापाबाहेर जाऊ शकतं. मग थरथर, धाप, ताठपणा, ताप, बेचैनी. वेळेत आणलंत. आता ट्रॅमाडॉल बंद. फ्लुओक्सेटीन मी दोन दिवस थांबवतेय, आणि पुढे काय करायचं ते तिकडच्या डॉक्टरांशी बोलून ठरवते. ते तुमच्या मनानं सुरू नाही करायचं आणि तुमच्या मनानं बंदही नाही. आणि लक्षात ठेवा, गोळी थांबवली तरी ते औषध अंगातून जायला कित्येक आठवडे लागतात. तेवढ्यात कुणी दुसरं काही दिलं, तर सांगायचं, हे घेत होती म्हणून."

मी विचारले, "मग दुखण्याचं काय?"

"सुजेचं औषध पोट सावरलं की पुन्हा बघू. तेसुद्धा जेवणानंतरच, आणि उलटी झाली, शी काळी दिसली, तर लगेच फोन. गरज पडली तर दुखणं आणि भीती दोन्हींना उपयोगी पडणारं एक औषध आहे, ते अगदी थोड्यापासून सुरू करू. झोप येईल, चालताना तोल जाईल, त्यावर लक्ष ठेवायचं. माणसाची कुठलीही गोळी नाही. गोचिडाचा पट्टा बांधायचा असला तरी आधी मला विचारायचं."

मग त्यांनी पेन खाली ठेवले आणि म्हणाल्या, "एक सांगू का? ती आवाजाला घाबरते म्हणता. पण दुखऱ्या खुब्याचं कुत्रं दचकलं की त्याला अंगभर कळ येते. मग ते आवाजालाच घाबरायला लागतं. कदाचित भीती आणि दुखणं वेगळं नसेलच."

तुझ्या घरी लिफ्ट आहे आणि शेजारी ड्रिलिंग आहे. तुला तिची भीती दिसली. माझ्या घरी जिना आहे आणि शांतता आहे. मला तिचे दुखणे दिसले. आपण दोघांनीही आपापल्या घरातून बरोबरच पाहिले होते.

शेवटी त्या म्हणाल्या, "औषधं एकाच घरातून जाऊ देत. दोन घरं, दोन डॉक्टर, दोन डबे, असं नको. तुमच्या मिसेसना सांगा." मी म्हणालो, सांगतो.

म्हणून सांगतो. शिल्लक तुझ्याकडे राहू दे. तुला जिना नाही, तुझा हात औषधाला बसलेला आहे आणि तू सांगितलेले नीट ऐकतेस. इकडचे फोटो, औषधांच्या पट्ट्या आणि डॉक्टरीणबाईंचा नंबर असे सगळे एका पाकिटात घालून तुझ्या भावाकडे देतो. ती प्रवासाला बरी झाली की तिला मी स्वतः पोचवीन आणि खालूनच परत जाईन. माझ्याकडे राहण्याचे तिचे आठवडे यापुढे मागणार नाही. निळा डबा मी घासून ठेवला आहे. आणि माझी एक विनंती आहे: यापुढे तिच्यासमोर काय म्हणायचे ते म्हण, पण माझ्याशी बोलताना औषधाला औषधच म्हण.

तू काल फोनवर बोललेल्या वाक्याची सुरुवात "अहो" अशी होती. ते घाईत तोंडातून गेले असेल, त्याचा मी कसलाही अर्थ लावत नाही. फक्त ऐकले, एवढे कळवतो.

हे असे झाले की मला तुला फोन करायला निमित्त उरत नाही. कात्री नाही, पट्टा नाही, कूस नाही. ते बरे आहे. तुझ्या त्या वाक्याचा पहिला भाग पाळायचा राहून गेला होता, तो आता पाळतो. मला बोलायचे आहे, आणि ते शिल्लकबद्दल नाही.

तुझा,
अहो

स्थळ : दवाखान्यातला बाक, आतल्या दाराजवळचा
दिनांक १५ नोव्हेंबर